यॉर्गन लेथ: चौकट लावायची आणि वाट पाहायची

प्रश्न थोडक्यात असा: मास कम्युनिकेशनच्या दुसऱ्या वर्षाला डेन्मार्कचे दिग्दर्शक यॉर्गन लेथ यांच्यावर वीस मिनिटांचं सादरीकरण करायचंय आणि त्यांच्या पद्धतीने तीन मिनिटांचा अभ्यासपट काढायचाय. हा माणूस कवीही, सायकल शर्यतींवर चित्रपट काढणाराही आणि टीव्हीवर समालोचन करणाराही. हे सगळं एका धाग्यात कसं ओवायचं, आणि अभ्यासपट कुठून सुरू करायचा?

धाग्यासाठी फार लांब जावं लागत नाही. कविता, शर्यत, नृत्य, टीव्ही सगळीकडे लेथ यांनी एकच गोष्ट केली. आधी नियम ठरवायचा: कॅमेरा कुठे, किती वेळ, समोरच्याने काय करायचं. मग गप्प बसायचं आणि त्या नियमाच्या आत योगायोगाने जे पदरात पडेल ते उचलायचं. सादरीकरणात ‘कवी लेथ’, ‘क्रीडापटकार लेथ’, ‘टीव्हीवाले लेथ’ असे तीन कप्पे केलेत तर तीन वेगळ्या माणसांची माहिती दिल्यासारखी होईल. कप्पे करू नका.

चरित्राचा भाग दोन मिनिटांत उरका. जन्म 1937, आरहूस. साहित्य आणि मानववंशशास्त्राचा अभ्यास, मग वर्तमानपत्रांतून कलासमीक्षा. पहिला कवितासंग्रह 1962 चा. पुढच्याच वर्षी पहिला लघुपट, दोन साथीदारांबरोबर: त्या काळात कोपनहेगनमध्ये असलेले जॅझ पियानोवादक बड पॉवेल शहरातून नुसते चालतात, आणि निवेदनाला आवाज सॅक्सोफोनवादक डेक्स्टर गॉर्डन यांचा. यातला मानववंशशास्त्राचा धागा मात्र सोडू नका. लेथ यांच्यावर मानववंशशास्त्रज्ञ मालिनोव्स्कीचा प्रभाव उघड आहे. परक्या टोळीकडे जसं निरखून पाहतात तसं आपल्याच लोकांकडे पाहायचं, ही नजर त्यांनी तिथून घेतली. 1972 चा ‘लाइफ इन डेन्मार्क’ हा त्याचा नमुना. डॅनिश माणसं रिकाम्या पार्श्वभूमीसमोर उभी केली आहेत, एखाद्या संग्रहालयात मांडावीत तशी.

आणखी एक गोष्ट सादरीकरणात हमखास राहून जाते, ती म्हणजे पैसा. डेन्मार्कमध्ये लघुपट आणि माहितीपटांची खरेदी-वितरण करणारी सरकारी यंत्रणा 1930 च्या दशकाच्या अखेरीपासून होती, आणि 1960 च्या दशकात सरकारी चित्रपट निधी व चित्रपट शाळा आली. तेरा मिनिटांच्या विचित्र चित्रपटाला थिएटर मिळालं नाही तरी तो शाळा, ग्रंथालयं, फिल्म क्लबपर्यंत पोचायचा. लेथ यांचे 1960-70 मधले प्रयोग या जमिनीत उगवले. ही जमीन न दाखवता नुसती प्रतिभा दाखवलीत तर चित्र अर्धंच राहील.

आता ‘द परफेक्ट ह्यूमन’. साल कुठे 1967 दिसेल, कुठे 1968. निर्मिती आणि प्रदर्शन यांतला फरक आहे, एकच साल धरा आणि शेवटपर्यंत तेच ठेवा. कृष्णधवल, तेरा मिनिटं. एक पुरुष (अभिनेते क्लाउस निसन) आणि एक स्त्री. खोली पांढरी, कडा नसलेली. तो दाढी करतो, नाचतो, ते जेवतात, झोपतात. निवेदन खुद्द लेथ यांचं, थंड आवाजातलं: हा कोण आहे, तो काय करू शकतो, तो असा का हलतो. आवाज जाहिरातीसारखा खात्रीचा, आणि हाती उत्तर एकही नाही. गंमत त्यातच आहे.

ही खोली बनवायला सोपी दिसते. तिथेच विद्यार्थी आपटतात. भिंत आणि जमीन यांच्यामध्ये रेघ दिसली की खोली ‘कुठेही नाही’ राहत नाही, ती कॉलेजचा वर्ग होते. फोटो स्टुडिओत नऊ फुटी पांढऱ्या कागदाचा रोल असतो. तो भिंतीवरून सोडून जमिनीवर वळण देत पुढे ओढा, घडी पडू देऊ नका. माणूस कागदाच्या मागच्या भागापासून किमान दोन मीटर पुढे उभा करा, नाहीतर सावली मागे चिकटते. पार्श्वभूमीला वेगळा प्रकाश द्या आणि तो चेहऱ्यापेक्षा एक ते दीड स्टॉप जास्त ठेवा (एक स्टॉप म्हणजे दुप्पट प्रकाश). त्याहून वाढवला तर पांढरा रंग केसांच्या आणि कानांच्या कडा खातो. मोबाइलवर करत असाल तर एक्स्पोजर चेहऱ्यावर लॉक कराच. ऑटोवर ठेवलात की फोन पांढरं पाहून घाबरतो, सगळं अंधारं करतो आणि तुमची अथांग खोली धुतलेल्या करड्या चादरीसारखी दिसते. बूट नवे किंवा तळवे पुसलेले हवेत. कागदावर पहिला ठसा उमटला की त्या दिवसाचं काम संपलं समजा.

निवेदनाबद्दल एक भाषेची गोष्ट, जी मराठीत काम करणाऱ्याला फुकट मिळते. डॅनिशमध्ये ‘मेनेस्के’, म्हणजे माणूस, हा शब्द नपुंसकलिंगी आहे. त्यामुळे तोच शब्द पुरुषाला लागतो आणि बाईलाही, आणि दोघांनाही तो थोडा वस्तूसारखा करतो. इंग्रजी उपशीर्षकांत ही छटा उरत नाही. मराठीत मात्र आहे. ‘फार प्रेमळ माणूस आहे तो’ म्हणतो तसं आपण ‘फार प्रेमळ माणूस आहे ते’ असंही म्हणतो. निवेदन ‘माणूस चालतं. माणूस थांबतं. ते का थांबलं?’ असं लिहून पाहा. ऐकणारा किंचित दचकतो. लेथ यांच्या आवाजातला परकेपणा भाषांतर न करताच मिळतो. वाक्य सात-आठ शब्दांच्या वर जाऊ देऊ नका, क्रियापद वर्तमानकाळी ठेवा, आणि चित्रात जे दिसतंय त्याचं वर्णन करताना विशेषण वापरू नका.

सायकलींकडे येऊ. इथे थोडं थांबायला हवं, कारण लेथ यांची सगळ्यात पक्की कामं इथेच आहेत. ‘स्टार्स अँड वॉटर कॅरियर्स’ (1974) हा 1973 च्या जिरो दि’इतालिया या इटलीतल्या टप्प्याटप्प्यांच्या सायकल शर्यतीवरचा. बेल्जियमचे एडी मर्क्स पहिल्या दिवसापासून शेवटपर्यंत आघाडीवर राहिले ती शर्यत. निकालात उत्कंठा नाही, मग चित्रपट कशावर उभा करायचा? लेथ नजर फिरवतात पाणक्यांकडे, म्हणजे संघातल्या त्या स्वारांकडे जे नायकासाठी मागे जाऊन पाण्याच्या बाटल्या आणतात, वारा अंगावर घेतात आणि डोंगर आला की मागे पडतात. शीर्षकातच श्रेणी आली. पुढचा ‘द इम्पॉसिबल अवर’ डॅनिश स्वार ओले रिटर यांच्यावर. रिटर यांनी 1968 मध्ये मेक्सिको सिटीत एका तासात 48.653 किमी कापून विक्रम केला होता. 1972 मध्ये मर्क्स यांनी तिथेच 49.431 किमी केले. 1974 मध्ये रिटर पुन्हा मेक्सिकोला गेले. उंचीवर हवा विरळ, म्हणून अडथळा कमी. पण श्वासाला ऑक्सिजनही कमी. त्यांनी स्वतःचा जुना आकडा ओलांडला, मर्क्स यांचा नाही. एक माणूस तासभर एकाच गोलात फिरतोय, याहून कोरडा विषय नसेल. पण नियम इतका कडक आहे की प्रत्येक फेरीच्या वेळेतला सेकंदाचा दशांशही नाट्य होऊन येतो.

‘अ संडे इन हेल’ 11 एप्रिल 1976 च्या पॅरिस-रुबे शर्यतीवरचा, 111 मिनिटांचा. सुमारे 270 किमी अंतर, त्यात उत्तर फ्रान्समधले दगडी फरसबंदीचे रस्ते. कोरडं असेल तर धूळ, पाऊस असेल तर चिखल. वीसहून जास्त कॅमेरे आणि एक हेलिकॉप्टर. मुख्य छायाचित्रकार डॅन होल्मबर्ग, संगीत गुनर म्योलर पेडरसन.

सुरुवात पाहा आणि परत पाहा. शर्यत नाही, गर्दी नाही. एक मेकॅनिक सायकल पुसतोय. हात, ब्रश, फिरणारं चाक, चेन. घाई नाही. ज्या यंत्राचं पुढे दीड तास दगडांवर आपटून पार वाटोळं होणार आहे ते आधी इतकं स्वच्छ दाखवलंय की नंतरची धूळ डोळ्यात जाते. मग सकाळचा नाश्ता, मालिश, आणि एकेकाची ओळख: मर्क्स, द व्लामिंक, मोझर, मार्टेन्स. कोण कोणावर डाव धरून आहे हे शर्यत सुटण्याआधी आपल्याला माहीत असतं. शेवट असा: निर्णायक चौघे रुबेच्या वेलोड्रोममध्ये, म्हणजे सायकल शर्यतींच्या मैदानात, एकत्र येतात आणि ज्याच्याकडे फार कुणाचं लक्ष नव्हतं तो मार्क डेमेयर जिंकतो. मोझर दुसरे, द व्लामिंक तिसरे, कायपर चौथे. त्यानंतर कॅमेरा थेट न्हाणीघरात. धुळीने माखलेले स्वार आंघोळ करता करता पत्रकारांना उत्तरं देतात.

मध्येच छापखान्याच्या कामगारांचं आंदोलन शर्यत अडवतं. दुसऱ्या कुणी ते कापून टाकलं असतं. ‘आपला विषय नाही’ म्हणून. लेथ यांनी ठेवलं. शर्यत ही त्यांची चौकट होती, आणि त्या दिवशी त्या रस्त्यावर जे घडलं ते सगळं चौकटीतलंच.

व्यवहाराची बाजू अशी. त्या काळातल्या 16 मिमी कॅमेऱ्यात 400 फुटांचं मॅगझिन, म्हणजे फिल्मचा डबा, लागायचं आणि त्यात साधारण अकरा मिनिटं मावायची. शर्यत तासन् तास चालते. म्हणजे कॅमेरामनने कधी बटण दाबायचं हे आधी ठरलेलं नसेल तर मॅगझिन बदलतानाच नेमकं कुणीतरी गटातून पुढे निसटतं. आज कार्डात दिवस मावतो, म्हणून हा प्रश्न सुटला असं वाटतं. प्रत्यक्षात तो एडिट टेबलावर सरकलाय: चाळीस तासांचं फुटेज आणि त्यात पाहण्यासारखी चाळीस मिनिटं. गावातली एखादी शर्यत, अगदी बैलगाड्यांची किंवा मॅरेथॉन, चार मोबाइलवर टिपणार असाल तर कॅमेऱ्यांना जागा वाटू नका, पात्रं आणि कामं वाटा. पहिला कॅमेरा एका स्पर्धकाला सकाळपासून धरेल. दुसरा एका मदतनिसाला. तिसरा मार्गातल्या एकाच कठीण वळणावर बसेल आणि तिथून हलणार नाही. चौथा निकालानंतरच्या जागेवर, म्हणजे जिथे लोक पाणी पितात, बसतात, शिव्या देतात तिथे. सगळ्या फोनची घड्याळं सकाळी एकत्र जुळवा आणि सुरुवातीला एकदा टाळी वाजवून ती सगळ्यांवर रेकॉर्ड करा. हे न केल्यास चारही जण शेवटच्या रेषेवर जमतात, चार बाजूंनी एकच विजेता टिपतात, आणि मधल्या दोन तासांचा पत्ता नसतो. असं फुटेज वाचवता येत नाही.

टीव्हीचं काम याच शाखेचं. डेन्मार्कमध्ये 1988 पर्यंत एकच सरकारी वाहिनी होती, ऑक्टोबर 1988 मध्ये टीव्ही 2 सुरू झाली. 1980 च्या दशकाच्या अखेरीपासून तूर द फ्रान्सच्या समालोचनात पत्रकार यॉर्न मेडर यांच्याबरोबर लेथ यांचा आवाज डॅनिश घराघरांत पोचला. डॅनिश माणसाला विचारलंत तर बहुतेक वेळा तो लेथ यांना सिनेमावाला म्हणून नाही, जुलैच्या दुपारचा आवाज म्हणून ओळखेल. एक टप्पा चार-पाच तास चालतो आणि त्यातल्या तीन तासांत काहीही घडत नाही. तिथे एकाने नावं, अंतर, वेळ सांभाळायची आणि दुसऱ्याने डोंगर, किल्ले, जुन्या शर्यती, स्वाराची बसण्याची ढब याबद्दल बोलायचं, अशी ही कामाची वाटणी. काही घडत नसताना पाहत राहण्याची सवय त्यांनी लघुपटांतच लावून घेतली होती.

2005 ला टाळून पुढे जाऊ नका. त्या वर्षी त्यांचं आत्मचरित्र आलं. लेथ 1990 च्या दशकापासून हैतीत राहत होते आणि तिथले डेन्मार्कचे मानद वाणिज्यदूतही होते. पुस्तकात त्यांनी घरच्या स्वयंपाकिणीच्या सतरा वर्षांच्या मुलीशी असलेल्या शरीरसंबंधाचं वर्णन केलं होतं. मोठा गदारोळ झाला. टीव्हीवरचं काम गेलं, वाणिज्यदूतपद गेलं. काही वर्षांनी ते समालोचनाला परतले. सादरीकरणात हे एका स्लाइडवर सरळ सांगा, सारवासारव नको. निरखून पाहणारा माणूस आणि पाहिला जाणारा माणूस यांच्यात सत्ता कुणाच्या हातात असते, हा प्रश्न त्यांच्या चित्रपटांनाही लागू होतो, आणि परीक्षक तो विचारतीलच.

1982 चा ‘66 सीन्स फ्रॉम अमेरिका’ हा अभ्यासपटासाठी सगळ्यात उपयोगी. पोस्टकार्डांसारखी 66 चित्रं. कॅमेरा स्थिर, आणि चित्राचं नाव चित्र पाहून झाल्यावर कानावर पडतं. नाव आधी आलं असतं तर आपण फक्त पडताळणी केली असती. यातलं प्रसिद्ध दृश्य अमेरिकन चित्रकार अँडी वॉरहॉल यांचं. टेबल, कागदी पिशवी, केचपची बाटली. ते बर्गर काढतात, बाटली झटकतात, केचप बाहेर यायला वेळ लागतो, मग खातात. साडेचार मिनिटांच्या आसपास. खाऊन झाल्यावर ते बसून राहतात. कितीतरी वेळ. मग सांगतात की माझं नाव अँडी वॉरहॉल आणि मी आत्ताच हॅम्बर्गर खाल्लं. ती लांब शांतता कुणी लिहिली नव्हती. वॉरहॉल इशाऱ्याची वाट पाहत होते, असं लेथ यांनी नंतर सांगितलंय. कॅमेरा बंद केला नाही एवढंच दिग्दर्शकाचं काम, आणि ते फार अवघड असतं.

‘द फाइव्ह ऑब्स्ट्रक्शन्स’ (2003) बहुतेकांनी ऐकलेला. डॅनिश दिग्दर्शक लार्स फॉन त्रिअर यांनी लेथ यांना त्यांचाच ‘द परफेक्ट ह्यूमन’ पाच वेळा, पाच अडथळे घालून, पुन्हा करायला लावला. पहिला अडथळा: क्यूबात करायचा, सेट नाही, आणि कुठलाही शॉट 12 फ्रेमपेक्षा मोठा नाही. लांब शॉटवर पोसलेल्या माणसाला ही शिक्षाच. पण अर्ध्या सेकंदाच्या तुकड्यांतून नवीच लय निघाली आणि शिक्षा देणाराच चकित झाला.

दुसरा अडथळा मुंबईचा. जगातल्या सगळ्यात दुःखी जागी जायचं, ती जागा दाखवायची नाही, आणि जेवणाचं दृश्य लेथ यांनी स्वतः करायचं. त्यांनी फॉकलंड रोड निवडला. त्या रस्त्याचं नाव पठ्ठे बापूराव मार्ग आहे, हे चित्रपटाला ठाऊक नाही. एका शाहिराच्या नावाच्या रस्त्यावर एक कवी येऊन बसतो, ही नोंद मराठी सादरीकरणातच होऊ शकते. डिनर जॅकेट घातलेले लेथ, मांडलेलं टेबल, मासा, वाइन. मागे अर्धपारदर्शक पडदा, आणि पडद्यामागे वस्तीतल्या बाया आणि पोरं उभी राहून पाहताहेत. त्रिअर भडकले: दाखवायचं नाही म्हटलं होतं, पडद्यातून दिसतंय. शिक्षा म्हणून पर्याय दिले: मुंबईला परत जाऊन पुन्हा करा, नाहीतर संपूर्ण मोकळीक घेऊन चित्रपट बनवा. लेथ यांनी परत जायला नकार दिला. मग मोकळीक हाच तिसरा अडथळा झाला आणि ब्रसेल्समध्ये चित्रित झाला. चौथा व्यंगचित्रपट, दोघांनाही न आवडणारा प्रकार, टेक्सासच्या ॲनिमेटर बॉब सॅबिस्टन यांच्या मदतीने. पाचवा त्रिअर यांनीच तयार केला. लेथ यांनी नाव द्यायचं आणि त्रिअर यांनी लिहिलेला मजकूर वाचायचा.

पडद्याचं दृश्य वर्गात थांबवून दाखवा. काहींना ते प्रामाणिक वाटतं: अंतर लपवलं नाही, उलट मांडलं. काहींना ते उद्धट वाटतं. दुसरं मत जास्त वजनदार आहे. पडद्यामागची माणसं दृश्यभर उभी आहेत आणि त्यांच्यातल्या एकीचंही नाव आपल्याला कळत नाही. वॉरहॉल यांना मात्र आपलं नाव सांगायला मिळालं होतं.

आता तुमची तीन मिनिटं. दोन मार्ग आहेत, त्यांची सरमिसळ करू नका.

एक, पोस्टकार्ड. 30-30 सेकंदांचे सहा शॉट, ट्रायपॉडवर, पॅन नाही, झूम नाही. प्रत्येकात एक माणूस एकच काम पुरं करतो: कुलूप लावणं, चहा गाळणं, चप्पल शिवणं. शेवटी कॅमेऱ्यात पाहून नाव आणि आत्ता काय केलं ते सांगतो. रेकॉर्डिंग कामाच्या आधी दहा सेकंद सुरू करा आणि काम संपल्यावर मनात वीस मोजूनच थांबवा. काम 30 सेकंदांत न मावल्यास ते काम बदला, मधून कापू नका. चुकतं ते हमखास एकाच ठिकाणी: ‘झालं, मस्त!’ असं दिग्दर्शक बोलून टाकतो आणि ज्या क्षणासाठी हे सगळं केलं तो क्षण त्या ‘मस्त’मध्ये जातो. तोंडावर हात ठेवा. खाण्याचं दृश्य असेल तर तीन प्लेट तयार ठेवा, पण पहिला टेक बहुधा तोच राहतो; दुसऱ्यांदा जेवणारा माणूस जेवण्याचा अभिनय करतो. प्रत्येक जागेचा नुसता आवाज 30 सेकंद वेगळा घ्या.

दोन, 12 फ्रेम. आपल्याकडे वीज 50 हर्ट्झची, म्हणून 25 फ्रेम आणि शटर 1/50 ठेवा. 24 वर 1/48 शटरने काढलंत तर ट्यूबलाइटखाली पट्टे फिरू शकतात. 25 ने 12 फ्रेम म्हणजे 0.48 सेकंद. तीन मिनिटं म्हणजे 4500 फ्रेम, म्हणजे किमान 375 तुकडे. तेवढे वेगवेगळे शॉट काढायची गरज नाही: 40-50 घ्या, आणि तोच हात, तोच धूर पुन्हा पुन्हा वेगळ्या जागी आणा. शॉटमधली हालचाल अर्ध्यावर तोडा, पुढच्या शॉटमध्ये तिची दिशा चालू ठेवा. आवाज मात्र कापू नका. खाली एक अखंड ट्रॅक सोडा, नाहीतर पहिल्या वीस सेकंदांत पाहणाऱ्याचं डोकं दुखायला लागतं.

पाहण्याचा क्रम: ‘द परफेक्ट ह्यूमन’, लगेच ‘द फाइव्ह ऑब्स्ट्रक्शन्स’, दुसऱ्या दिवशी ‘अ संडे इन हेल’, मग ‘66 सीन्स’. वेळ उरला तर ‘आय वॉक’ (2019). 2010 च्या भूकंपात जाकमेलमधलं त्यांचं घर कोसळलं, पुढे चालणंच अवघड झालं, आणि बड पॉवेल यांना चालताना टिपणाऱ्या माणसाने स्वतःची पावलं मोबाइलवर टिपली. 2025 मध्ये, 88 व्या वर्षी लेथ गेले. ‘अ संडे इन हेल’ची इंग्रजी आवृत्ती मिळाली तर लक्षात ठेवा की त्यात निवेदन दुसऱ्याचं आहे, डॅनिश आवृत्ती उपशीर्षकांसह मिळाल्यास ती घ्या. आणि त्रिअर यांच्यामुळे लेथ यांना डॉग्मा 95 मध्ये, म्हणजे त्रिअर आणि साथीदारांच्या 1995 च्या कडक नियमांच्या चित्रपट-गटात, बसवण्याचा मोह होईल. ते त्या गटात नव्हते. नियम घालून चित्रपट काढण्याचा त्यांचा उद्योग डॉग्माच्या पाव शतकाहून आधीचा आहे.